समोरच्यावर दिवाणी निकाल आहे का? पुण्यात कोर्टाच्या नोंदी शोधायची रीत

फ्लॅटचं टोकन द्यायचं असतं, कुणाशी भागीदारी करायची असते, मुलीचं स्थळ पक्कं करायचं असतं किंवा लांबच्या नातेवाइकाला मोठी रक्कम हातउसनी द्यायची असते. अशा वेळी पुण्यात चौकशी होते ती सोसायटीच्या सेक्रेटरीकडं, शेजारच्या दुकानदाराकडं, नाहीतर ‘आमच्या ओळखीचे एक साहेब आहेत’ त्यांच्याकडं. कोर्टाच्या नोंदी बघायचं फार थोड्यांना सुचतं. त्या बघायला ओळख लागत नाही आणि पैसेही लागत नाहीत. चिकाटी मात्र लागते, कारण नाव टाकलं आणि उत्तर आलं, इतकं ते सरळ नाही. ज्यांचा आजवर कोर्टाशी संबंध आला नाही, त्यांनी हे काम कुठून सुरू करायचं आणि कुठं फसगत होते, ते इथं सांगतो.

आधी शोधायचं काय ते ठरवा

‘त्याच्यावर केस आहे’ या वाक्यातून काहीच कळत नाही. दिवाणी कामात चार टप्पे असतात आणि चारींचा अर्थ वेगळा. कुणीतरी दावा दाखल केला, ही झाली नुसती तक्रार. कोर्टफी भरून कोणीही कोणावरही दावा लावू शकतो. पुरावा होऊन न्यायाधीश कारणांसह जे लिहितात तो न्यायनिर्णय, म्हणजे जजमेंट. त्याच्या आधारे कोणी कोणाला काय द्यायचं, हे ज्या कागदावर नेमकं उतरतं तो हुकूमनामा, म्हणजे डिक्री. आणि हुकूमनामा होऊनही समोरचा पैसे देत नाही किंवा ताबा सोडत नाही, तेव्हा अंमलबजावणीसाठी जो अर्ज पडतो ती दरखास्त.

पैशाच्या व्यवहारासाठी चौकशी करत असाल तर माझ्या मते सगळ्यात बोलकी नोंद दरखास्तीची. दावा अनेकांवर असतो. कोर्टानं सांगूनही पैसे न दिल्यामुळं बेलिफ जप्ती वॉरंट घेऊन दारात आला, हे थोड्यांच्या बाबतीत घडतं. आणखी एक आकडा लक्षात ठेवा: पैशाच्या हुकूमनाम्याची दरखास्त साधारणपणे १२ वर्षांपर्यंत करता येते. म्हणजे दहा वर्षांपूर्वीचा निकाल ‘जुनं प्रकरण’ म्हणून सोडून द्यायचा नाही. तो अजून जिवंत असू शकतो. म्हणून शोध निदान १२ वर्षं मागं न्या.

नाव गोळा करणं

संगणकासमोर बसण्याआधी हे काम करा. निम्मा शोध इथंच जिंकला किंवा हरला जातो.

कोर्टाच्या संगणकात नावं बहुतेक रोमन लिपीत आणि टाइप करणाऱ्याच्या कानाला जशी आली तशी चढलेली असतात. चौधरी हे एक आडनाव तीन-चार स्पेलिंगनी सापडतं. भोसलेंमध्ये मधला ‘ए’ कधी असतो, कधी नसतो. दीक्षितांच्या नावात कधी ‘एक्स’ येतो, कधी ‘केएस’. कुठं आडनाव आधी, कुठं शेवटी. कुठं वडिलांचं नाव पूर्ण, कुठं नुसतं आद्याक्षर. त्यामुळं पूर्ण नाव एका दमात टाकू नका. नावाचा जो भाग चुकण्याची शक्यता कमी, तेवढाच टाका. किमान तीन अक्षरं लागतात. समजा संजय दत्तात्रय शिंदे शोधायचे आहेत. ‘शिंदे’ टाकलं तर शेकडो निघतील आणि ‘संजय’ टाकलं तरी तेच. ‘दत्तात्रय’ या नावाचा सुरुवातीचा तुकडा टाकून आलेल्या यादीत शिंदे शोधणं पुष्कळदा सोपं पडतं, कारण मराठी नावातलं वडिलांचं नाव ही आपल्या हातातली मोठी खूण आहे.

बायकांच्या बाबतीत माहेरचं आणि सासरचं, दोन्ही नावं घ्या. वडिलोपार्जित जमिनीच्या दाव्यात लग्नाला तीस वर्षं झालेली बाईही कधी माहेरच्या नावानं, कधी ‘उर्फ’ लावून दोन्ही नावांनी नोंदलेली असते.

माणूस धंद्यात असेल तर फर्मचं नाव हवंच. ‘मे. अमुक ट्रेडर्स, तर्फे प्रोप्रायटर’ अशी नोंद असेल तर यादीत माणसाचं नाव दिसेलच असं नाही. कंपनी असेल तर कंपनी व्यवहार मंत्रालयाच्या संकेतस्थळावर संचालकांची नावं आणि कंपनीच्या मालमत्तेवरचे बोजे बघता येतात. तिथून त्याच्या इतर कंपन्यांचाही माग लागतो. वडील वारले असतील तर वडिलांचं नावही शोधा, कारण दावा त्यांच्यावर होऊन पुढं ‘मयत तर्फे वारस’ म्हणून मुलांची नावं लागलेली असू शकतात.

सोबत पत्ते लिहून ठेवा. आत्ताचा, आधीचा आणि मूळ गावचा. याचा उपयोग पुढं दोन ठिकाणी आहे.

कोणत्या कोर्टात बघायचं

नवखी माणसं शिवाजीनगर कोर्ट तेवढं बघतात आणि थांबतात. दिवाणी प्रक्रिया संहितेचा साधा नियम असा: स्थावर मिळकतीचा दावा मिळकत जिथं असेल तिथल्या कोर्टात चालतो; पैशाचा किंवा कराराचा दावा प्रतिवादी जिथं राहतो, धंदा करतो किंवा जिथं व्यवहार घडला तिथं. आता हा नियम आपल्या माणसाला लावून बघा. तो राहतो कोथरूडला, कारखाना चाकणला, शेती इंदापूरला आणि पूर्वी नोकरीला होता सोलापुरात. म्हणजे शिवाजीनगर, राजगुरुनगर, इंदापूर आणि सोलापूर, इतक्या ठिकाणी शोध करायला हवा. पुण्यात राहणाऱ्या कितीतरी लोकांची मूळ भानगड गावाकडच्या वाटपाच्या दाव्यात असते आणि ती शिवाजीनगरला कधीच दिसत नाही.

पुणे जिल्ह्यात मुख्य संकुल शिवाजीनगरचं. पुणे शहर आणि हवेली भागातलं बरंच दिवाणी काम तिथं चालतं. पिंपरी-चिंचवडचं न्यायालय वेगळं. तालुक्यांसाठी बारामती, इंदापूर, दौंड, शिरूर, जुन्नर, घोडेगाव, राजगुरुनगर, वडगाव मावळ, सासवड, भोर अशी न्यायालयं आहेत. आंबेगाव तालुक्याचं कोर्ट घोडेगावला आणि पुरंदरचं सासवडला, हे बाहेरून आलेल्यांना माहीत नसतं, म्हणून मुद्दाम सांगितलं.

शिवाजीनगरला जिल्हा न्यायालय, दिवाणी न्यायालय वरिष्ठ स्तर आणि कनिष्ठ स्तर आहेत. मोठ्या रकमेचे दावे वरिष्ठ स्तराकडं जातात आणि त्यांना स्पेशल मुकदमा म्हणतात, कागदावर ‘स्पे. मु. नं.’. छोटे ते रेग्युलर, ‘रे. मु. नं.’. घरमालक आणि भाडेकरूंचे दावे लघुवाद न्यायालयात, म्हणजे स्मॉल कॉजेस कोर्टात असतात. कुणाला दुकान भाड्यानं देणार असाल तर तिथं नक्की बघा. मात्र राहण्यासाठी लिव्ह अँड लायसन्सवर घेतलेली जागा मुदत संपूनही न सोडणाऱ्यांची प्रकरणं भाडे नियंत्रण कायद्याखालच्या सक्षम प्राधिकाऱ्याकडं जातात. ती या यादीत सापडायची नाहीत.

ई-कोर्ट्सवर प्रत्यक्ष शोध

जिल्हा आणि तालुका न्यायालयांच्या नोंदी ई-कोर्ट्स सर्व्हिसेस या सरकारी संकेतस्थळावर आहेत. मोबाइलवर याच नावाचं अ‍ॅपही आहे. पत्त्याच्या शेवटी ‘जीओव्ही डॉट इन’ आहे ना, एवढं बघा. प्रकरणाची स्थिती बघायला इथं काही पैसे पडत नाहीत. कुणी ‘सर्च फी’ म्हणून क्यूआर कोड पुढं करत असेल तर तुम्ही दुसऱ्याच दुकानात शिरला आहात.

‘केस स्टेटस’ उघडा. राज्य महाराष्ट्र, जिल्हा पुणे, मग न्यायालय संकुल निवडा. एका संकुलात अनेक आस्थापना, म्हणजे वेगवेगळी कोर्टं, असतील तर त्यातली एकेक निवडावी लागते. शोधाच्या प्रकारांत ‘पार्टी नेम’ घ्या. नाव, नोंदणीचं वर्ष आणि प्रलंबित की निकाली ते भरा, कॅप्चा टाका. वर्ष भरावंच लागतं, आणि वैताग आणणारा भाग हाच आहे. बारा वर्षं मागं जायचं म्हणजे तोच शोध दर वर्षासाठी, दर संकुलासाठी आणि नावाच्या दर स्पेलिंगसाठी पुन्हा. कंटाळा येतो, कॅप्चा चुकतो, मधेच साइट अडकते. शोध अर्धवट सोडला जातो तो इथंच. म्हणून वहीत तक्ता आखा: उभ्या रकान्यात वर्षं, आडव्या ओळीत संकुलं, बघून झालं की खूण. शोध दोन-तीन संध्याकाळी विभागला तरी चालेल, पण काय बघायचं राहिलंय ते नीट माहीत हवं.

वर्ष म्हणजे दावा नोंदवला गेला ते वर्ष, निकालाचं नव्हे. २०२३ सालचा निकाल २०११ च्या दाव्यातला असू शकतो. पुण्यात हे अजिबात नवल नाही.

एखादं प्रकरण आपल्या कामाचं वाटलं की त्याचा सीएनआर क्रमांक उतरून घ्या. हा सोळा अक्षर-अंकांचा क्रमांक देशभरात त्या एकाच प्रकरणाचा असतो. पुणे जिल्ह्याचे क्रमांक ‘एमएचपीयू’ या रोमन अक्षरांनी सुरू होतात आणि शेवटचे चार अंक वर्षाचे असतात. पुढच्या वेळी नाव, वर्ष, संकुल काहीच भरायचं नाही. सीएनआर टाकला की पान उघडतं. अ‍ॅपमध्ये ते प्रकरण साठवूनही ठेवता येतं.

त्याच संकेतस्थळावर कॅव्हेटचाही शोध आहे. आपल्याला न विचारता कोर्टानं आदेश देऊ नये म्हणून आधीच दाखल केलेला तो अर्ज, ९० दिवस चालतो. जमीन विकणाऱ्यानं नुकतंच एखाद्या भावाविरुद्ध कॅव्हेट टाकलं असेल, तर दावा येणार अशी त्याला स्वतःलाच धास्ती आहे, हे उघड आहे.

ज्यांना संगणकाचं जमत नाही त्यांच्यासाठी न्यायालयांत ई-सेवा केंद्रं आहेत. तिथं प्रकरणाची स्थिती विचारायला हरकत नाही. बारा वर्षांचा शोध मात्र तिथल्या कर्मचाऱ्याकडून करून मागू नका, मागं रांग असते.

हा तोच माणूस का?

नाव जुळलं म्हणून माणूस जुळला असं होत नाही. पुणे जिल्ह्यात एकाच नावाचे, वडिलांचंही नाव तेच असलेले लोक भरपूर आहेत. ई-कोर्ट्सच्या पानावर आधार किंवा पॅन क्रमांक नसतो, आणि नसावाही. मग खात्री कशी करायची?

प्रकरणाच्या शीर्षकात बहुधा पहिल्या वादी-प्रतिवादीचंच नाव असतं. आत पक्षकारांच्या भागात सगळी नावं आणि काही वेळा पत्ते दिसतात. गोळा केलेले पत्ते इथं ताडून बघा. सोबतचे पक्षकार कोण आहेत? बायको, भाऊ, भागीदार ओळखीचे निघाले तर गोष्ट बरीच पक्की झाली. समोर कोणती बँक किंवा पतसंस्था आहे? ती त्याच्या गावची आहे का? निकालाची प्रत पानावर असेल तर पहिल्याच पानावर वय, धंदा, राहणार अमुक असा मजकूर असतो. मिळकतीचा दावा असेल तर गट नंबर किंवा सर्व्हे नंबर असतो. तो सातबाऱ्याशी जुळवा. यांतल्या किमान दोन खुणा जुळल्याशिवाय मी तरी ‘हाच तो’ म्हणणार नाही.

पान वाचायचं कसं

शेवटच्या स्थितीआधी ‘नेचर ऑफ डिस्पोजल’ बघा. ‘डिस्पोज्ड’ म्हणजे प्रकरण निकाली निघालं इतकंच. कसं निघालं ते या ओळीत असतं, आणि नवखा वाचक फसतो तो या ओळीकडं न बघितल्यामुळं.

वादी हजरच राहिला नाही म्हणून दावा डिसमिस झाला असेल, तर प्रतिवादी जिंकला असं कुणी म्हणणार नाही. तो दावा पुन्हा फाइलवर घ्यायचा अर्ज पडू शकतो. वादीनं दावा काढून घेतला असेल तर बाहेर काहीतरी मिटलेलं असू शकतं. ‘कॉम्प्रोमाइज’ किंवा लोकअदालत लिहिलं असेल तर तडजोड पुरसिस, म्हणजे तडजोडीचं लेखी निवेदन, कोर्टात दिलं गेलं आहे. लोकअदालतीचा निवाडा हुकूमनाम्याइतकाच बांधील असतो आणि त्यावर अपील नसतं. म्हणजे ‘मिटलं’ म्हणून सोडून देऊ नका. हप्त्यानं पैसे द्यायचं कबूल केलं होतं का आणि ते दिले का, हा प्रश्न उरतोच. ‘अनकंटेस्टेड’ म्हणजे समोरून झुंज झाली नाही. निकाल एकतर्फी असू शकतो. समन्स जुन्या पत्त्यावर गेलं आणि माणसाला निकालाचा पत्ताच नाही, असंही घडतं. असा एकतर्फी हुकूमनामा रद्द करून घ्यायचा मार्ग कायद्यात आहे, तेव्हा त्यासाठी अर्ज पडलाय का ते बघा.

खाली तारखांची यादी असते. प्रत्येक तारखेवर क्लिक केलं की त्या दिवशीचं कामकाज दिसतं. वकील आणि कारकून याला रोजनामा म्हणतात. माझ्या दृष्टीनं अर्धी गोष्ट रोजनाम्यात कळते. प्रतिवादीनं कैफियत, म्हणजे दाव्याला लेखी उत्तर, वेळेत दिली की ‘नो डब्ल्यूएस’ (लेखी उत्तर नाही) झालं, सतत मुदत कोण मागतंय, निशाणी ५ चा, म्हणजे तात्पुरत्या मनाईचा, अर्ज मंजूर झाला की नामंजूर. दहा वर्षांत चाळीस वेळा मुदत मागणाऱ्या माणसाशी पैशाचा व्यवहार करायचा का, हे ठरवायला निकालाची वाट बघायची गरज नाही.

आणि एक विसरू नका: प्रतिवादी म्हणून नाव असणं हा डाग नव्हे. वाटपाच्या दाव्यात सगळ्या चुलत भावंडांना आणि आत्यांनाही प्रतिवादी करावंच लागतं. शहराच्या कडेला जमीन असलेल्या घरात असा एखादा दावा नसणं हेच नवल. शिवाय यादीत आपला माणूस वादी आहे की प्रतिवादी तेही नीट बघा. घाईत माणसं उलटं वाचतात.

निकालानंतर काय झालं

निकाल विरुद्ध गेला असं दिसलं की शोध थांबवायचा नाही. खालच्या कोर्टाच्या दिवाणी हुकूमनाम्यावर जिल्हा न्यायालयात अपील करायला ३० दिवस, उच्च न्यायालयात करायचं असेल तर ९० दिवस. उशीर माफ होऊन नंतरही अपील दाखल होतं. म्हणून निकालाच्या आणि पुढच्या दोन-तीन वर्षांसाठी त्याच नावानं जिल्हा न्यायालयात पुन्हा शोध करा. तिथं प्रकरणाचा प्रकार ‘रेग्युलर सिव्हिल अपील’ असा दिसेल. आता आपला माणूस अपीलकर्ता असेल, म्हणजे नाव दुसऱ्या बाजूला गेलेलं असेल.

पुण्याची प्रकरणं मुंबई उच्च न्यायालयाच्या मुंबईतल्या मुख्य पीठाकडं जातात. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झालं आहे. कोल्हापूर, सातारा, सांगली, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग हे सहा जिल्हे त्याच्याकडं. पुणे त्यात नाही. मात्र आपल्या माणसाची जमीन साताऱ्याला असेल तर हा फरक ध्यानात ठेवावा लागेल. उच्च न्यायालयाच्या स्वतःच्या संकेतस्थळावर पक्षकाराच्या नावानं शोध होतो. अपिलं बघायची तर सिव्हिल अपेलेट साइड निवडा.

‘आमचं अपील चालू आहे’ हे उत्तर तुम्हाला हमखास ऐकायला मिळेल. नुसतं अपील केल्यानं हुकूमनामा थांबत नाही. स्थगिती मिळाली आहे का, ते विचारा आणि आदेशाची प्रत मागा.

दुसरं हमखास उत्तर: ‘पैसे केव्हाच देऊन टाकले’. हुकूमनाम्याची रक्कम कोर्टाबाहेर दिली तर ती गोष्ट अंमलबजावणी करणाऱ्या कोर्टात नोंदवून घ्यावी लागते. तशी नोंद नसलेलं पेमेंट ते कोर्ट विचारात घेत नाही. म्हणून वसुली पूर्ण झाल्याची पुरसिस किंवा दरखास्त निकाली काढल्याचा आदेश दाखवा म्हणावं. खरंच पैसे दिलेला माणूस हा कागद जपून ठेवतो.

दरखास्तीचा शोध वेगळा करा. प्रकारात ‘रेग्युलर दरखास्त’ किंवा ‘स्पेशल दरखास्त’ असं येईल. यात एक गंमत आहे. मूळ निकाल पुण्यातला नसतानाही पुण्यात दरखास्त असू शकते. बाहेरच्या कोर्टाचा हुकूमनामा इथं बजावणीसाठी वर्ग होऊन येतो. फायनान्स कंपन्यांचे लवादाचे निवाडे तर मुंबई-चेन्नईला होतात आणि वसुली इथं. असा निवाडा मालमत्ता असेल तिथल्या कोर्टात थेट बजावता येतो, हे सर्वोच्च न्यायालयानं २०१८ मध्ये स्पष्ट केलं आहे. त्यामुळं वाहनकर्ज थकवलेल्या माणसाविरुद्ध दिवाणी कोर्टाचा न्यायनिर्णय सापडला नाही, तरी दरखास्त सापडू शकते.

नक्कल काढायची असेल तर

वाचण्यापुरती ई-कोर्ट्सवरची पीडीएफ पुरते. बँकेला द्यायची असेल, वकिलाला मत विचारायचं असेल किंवा प्रकरण इतकं जुनं की पीडीएफच नाही, तर प्रमाणित नक्कल काढावी लागते. शिवाजीनगर कोर्टात जायला मेट्रो बरी. जिल्हा न्यायालय स्थानकात दोन्ही मार्गिका भेटतात आणि गाडी लावायच्या जागेवरून होणारी डोकेदुखी वाचते.

नक्कल विभागात अर्ज द्यायचा. त्यात प्रकरणाचा प्रकार, क्रमांक, वर्ष, पक्षकारांची नावं, कोर्ट, निकालाची तारीख आणि नेमका कोणता कागद हवा ते लिहा. ‘सगळी फाइल द्या’ असं लिहिलेला अर्ज परत येतो किंवा रेंगाळतो. न्यायनिर्णय आणि हुकूमनामा हे दोन वेगळे कागद आहेत, दोन्ही हवे असतील तर दोन्ही लिहा. अर्जाला कोर्टफी स्टँप लागतो आणि पानांप्रमाणं नकलेचा खर्च.

तुम्ही त्या दाव्यात पक्षकार नसाल तर त्रयस्थ ठरता. त्रयस्थालाही निकालाची नक्कल मिळू शकते, पण ती कशासाठी हवी ते अर्जात सांगावं लागतं. ‘सदर मिळकत खरेदी करण्याचा व्यवहार चालू असून’ अशी सरळ ओळ लिहा. पक्षकारांनी पुराव्यात दाखल केलेले खासगी कागद त्रयस्थाला सहसा मिळत नाहीत. माहिती अधिकाराचा अर्ज टाकून हा रस्ता टाळता येईल असं काहींना वाटतं. सर्वोच्च न्यायालयानं २०२० मध्ये सांगितलं आहे की न्यायिक कागदांच्या नकला न्यायालयाच्या नियमांप्रमाणंच घ्यायच्या. तेव्हा तो वेळ वाया घालवू नका. संगणक येण्याआधीच्या निकालांसाठी रेकॉर्ड रूमला विचारावं लागतं. तिथं निदान दावा क्रमांक तरी हातात हवा, नुसत्या नावावर कोणी गठ्ठे सोडून बसत नाही. अशा वेळी कोर्टात रोज ये-जा असलेल्या वकिलाला फी देऊन काम सांगणं स्वस्त पडतं.

दिवाणी कोर्टाच्या यादीत न येणाऱ्या गोष्टी

चेक न वटता परत गेल्याची प्रकरणं फौजदारीत धरली जातात. परक्राम्य संलेख कायद्याच्या कलम १३८ ची ही प्रकरणं ई-कोर्ट्सवर ‘एससीसी’, म्हणजे समरी क्रिमिनल केस, या प्रकारात दिसतात. पैशाच्या बाबतीत माणूस कसा आहे, हे दिवाणी दाव्यापेक्षा ही यादी लवकर सांगते. पक्षकाराच्या नावानं शोधताना फौजदारी प्रकार गाळू नका.

बँकांची २० लाख आणि त्यावरची थकबाकी कर्ज वसुली न्यायाधिकरणाकडं जाते. पुण्यात त्याचं स्वतंत्र पीठ आहे आणि त्याच्या नोंदी वेगळ्या संकेतस्थळावर. मोठ्या कर्जदारांसाठी आणखी एक फुकट साधन: सिबिल आणि इतर पतमाहिती कंपन्या, बँकांनी दावे लावलेल्या १ कोटी आणि त्यावरच्या खात्यांची तसंच २५ लाख आणि त्यावरच्या हेतुपुरस्सर थकबाकीदारांची यादी जाहीर करतात. कुणाचा सिबिल स्कोअर मात्र त्याच्या संमतीशिवाय बघता येत नाही.

पतसंस्थांचं काय? सहकारी संस्था अधिनियम, १९६० च्या कलम १०१ खाली निबंधक वसुली दाखला देतात आणि मग वसुली अधिकारी जप्तीला येतो. कोर्टात दावाच होत नाही. पुणे जिल्ह्यात पतसंस्थांचं जाळं बघता ही मोठीच फट आहे. ती बुजवायचा व्यवहारी उपाय म्हणजे सातबारा. इतर हक्कात संस्थेचा बोजा आहे का ते बघायचं, आणि फेरफार वाचायचे. फ्लॅट असेल तर सोसायटीकडून थकबाकी नसल्याचा दाखला मागायचा. सोसायट्यांनाही थकबाकी वसुलीचा दाखला मिळवता येतो.

बिल्डरबद्दल चौकशी असेल तर महारेराच्या संकेतस्थळावर प्रकल्पाच्या पानावर तक्रारी, आदेश आणि चालू वाद सापडतात. ग्राहक आयोगाची प्रकरणं ई-जागृती या संकेतस्थळावर. कंपनी दिवाळखोरीत असेल तर पुण्याच्या कंपन्यांचं काम राष्ट्रीय कंपनी विधी न्यायाधिकरणाच्या मुंबई पीठासमोर चालतं.

कौटुंबिक न्यायालयाकडं वळू नका. हिंदू विवाह कायद्याखालची कामं बंद दाराआड चालतात आणि त्यातला मजकूर प्रसिद्ध करायला कायद्यानं मनाई आहे. स्थळाची चौकशी करणाऱ्यांना हे पटत नाही. त्यांनी सरळ समोरच्या घरी विचारावं, आणि आधीचं लग्न झालेलं असेल तर घटस्फोटाच्या हुकूमनाम्याची प्रत मागावी.

सापडलेल्याचं करायचं काय

सापडलेल्या पानाचा फोटो सोसायटीच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर टाकू नका. नोंद खरी असली तरी खाली तुम्ही लिहिलेली ‘हा फ्रॉड माणूस आहे’ ही ओळ तुमची असते, आणि बदनामीचा गुन्हा भारतीय न्याय संहितेच्या कलम ३५६ मध्ये आहे. त्यात माणूस नामसाधर्म्यानं भलताच निघाला तर बोलायलाच नको.

काहीच सापडलं नाही तरी ‘माणूस स्वच्छ’ असं वहीत लिहू नका. ‘अमुक संकुलं, अमुक वर्षं, अमुक स्पेलिंग, काही आढळलं नाही’ असं लिहा आणि तारीख टाका. जमिनीच्या व्यवहारात याच्या जोडीला वकिलाकडून ३० वर्षांचा सर्च रिपोर्ट आणि वर्तमानपत्रातली जाहीर नोटीस हवीच. दाव्याची नोटीस दुय्यम निबंधकाकडं नोंदवलेली असेल तर ती सूची क्रमांक दोनमध्ये, म्हणजे नोंदणी कार्यालयाच्या मिळकतवार सूचीत (इंडेक्स टू), सापडते.

काही सापडलं तर सीएनआर क्रमांक समोर ठेवून त्या माणसालाच विचारा, शांतपणे. उत्तर पटलं तर साठेखतात किंवा करारात तसं कलम घालून घ्या: मिळकतीबद्दल किंवा आपल्यावर कोणत्या न्यायालयात, न्यायाधिकरणात किंवा निबंधकाकडं काय काय प्रलंबित आहे त्याची क्रमांकांसह यादी, बाकी काही नाही असं कथन, आणि ते खोटं निघाल्यास नुकसानभरपाईची हमी. शेवटचा हप्ता देण्याच्या आदल्या दिवशी त्या यादीतलं प्रत्येक प्रकरण ई-कोर्ट्सवर पुन्हा उघडा आणि चालू वर्षाचा नावानं शोधही परत करा, कारण मनाई हुकूम मधल्या काळातही येऊ शकतो.